हत्तीचे मागचे पाय

कटंगीच्या बाजारात कोणालाही विचारा, दसऱ्याच्या मिरवणुकीतला हत्ती कोण, तर एकच उत्तर मिळे: गजेंद्र टेंटवाला. उत्तर अर्धंच बरोबर होतं. हत्तीला पाय चार असतात आणि गजेंद्रला होते दोन. उरलेले दोन प्रेमलाल लांजेवारचे.

प्रेमलाल धानाचा शेतकरी. कटंगीच्या पलीकडं, महाराष्ट्राची हद्द लागायच्या जरा अलीकडं, मध्य प्रदेशात त्याचं गाव. माणूस शांत, अंगानं आटोपशीर, आणि लहानपणापासून धानाच्या रोपांची रोवणी करून करून कमरेत वाकून चालायची सवय लागलेला. या सवयीमुळंच गजेंद्रनं त्याला हेरलं. गजेंद्रचं चौकात टेंट हाउस होतं. मंडप, खुर्च्या, भोंगे असं सगळं भाड्यानं देता देता एका वर्षी त्याला हौस आली आणि त्यानं बांबूच्या कामट्या, बारदाना आणि राखाडी कापड यांचा एक हत्ती करवून घेतला. पुढच्या भागात तो स्वतः शिरला. सोंड त्याच्या हातात, कानांच्या दोऱ्या त्याच्या बोटांत. मागं कोणीतरी वाकून, त्याची कंबर धरून चालणारा हवा होता. गावातल्या पोरांना ताठ चालायची खोड. प्रेमलाल तेवढा आयता वाकलेला सापडला.

तेव्हापासून प्रेमलालनं दसरा कधी पाहिला नाही. त्याला दिसायचा तो गजेंद्रचा कमरपट्टा आणि पायाखालचा थोडा रस्ता. लोक सोंडेला हार घालत, बाया लेकरांचे हात सोंडेला लावत, फोटो निघत ते समोरून. मागच्या बाजूची दखल एकदाच कोणीतरी घेतली होती, पण ते कुत्रं होतं आणि त्यानं ती दातांनी घेतली.

प्रेमलालची याबद्दल काही तक्रार नव्हती. त्याच्या बायकोची, शेवंताबाईची होती. मिरवणुकीत शेजारणी विचारत, तुझा नवरा दिसत नाही तो, आणि तिला बोट दाखवावं लागे ते शेपटीकडं. एकदा ती त्याला म्हणाली, "अवो, त्यात तुमी दिसता तरी कुठं?"

"शेपूट हालते ना, ते मीच हालवतो," प्रेमलालनं सांगितलं. त्याच्या आवाजात बऱ्यापैकी अभिमान होता.

असंच सगळं आयुष्य गेलं असतं, पण त्या वर्षी छत्तीसगढकडून रानहत्तींचा एक कळप बैहर-बिरसाच्या जंगलात येऊन राहिला. तिकडच्या लोकांना वाघाचं अप्रूप नव्हतं, त्याच्याशी कसं वागावं हे आज्या-पणज्यांपासून ठाऊक होतं. हत्ती मात्र सगळ्यांनी मखरातच बघितलेला. त्यामुळं कोणी मोबाइल काढून त्याच्या मागं पळे, कोणी फटाके फेकी, आणि एका गावात तर कळपासमोर नारळ फोडून आरती सुरू केली गेली. हत्तींनी नारळ तेवढे घेतले, आरतीला थांबले नाहीत. आता लोकांना समजावणं भाग होतं, आणि ते काम श्रद्धाकडं आलं.

श्रद्धा बालाघाट शहरातली. घरात आजोबांपासून सरकारी नोकऱ्या. हिनं मात्र बाहेर जाऊन हत्तींचा अभ्यास केला आणि परत येऊन वनखात्याबरोबर काम धरलं. मराठी बोले, पण राग आला की हिंदीत जाई. कटंगीच्या हत्तीचा व्हिडिओ तिच्या मोबाइलवर कोणीतरी पाठवला होता. गावोगाव भाषणं करण्यापेक्षा हत्तीच घेऊन जावा असं तिच्या डोक्यात आलं आणि ती थेट टेंट हाउसवर येऊन दाखल झाली.

गजेंद्रनं हत्ती अंगणात उभा केला. श्रद्धानं त्याला प्रदक्षिणा घातली, कानाला हात लावून बघितला, मग म्हणाली की हा हत्ती आफ्रिकेतला आहे.

"म्हंजे इंपोर्टेड," गजेंद्र प्रेमलालला म्हणाला आणि खुश झाला.

श्रद्धानं मग नीट समजावलं. आफ्रिकेतल्या हत्तीचे कान सुपापेक्षा मोठे, खांद्यावर पसरलेले. आपल्याकडच्या हत्तीचे बरेच लहान. आफ्रिकेतल्याच्या सोंडेला टोकाशी दोन बोटं, आपल्याकडच्याच्या सोंडेला एक. आणि मुख्य म्हणजे पाठ. आपल्या हत्तीची पाठ मध्ये फुगीर असते, त्यांच्याकडच्याची खोलगट. या हत्तीची तर गजेंद्र आणि प्रेमलाल यांच्यामध्ये चांगली झोळीच झाली होती. शिंप्याला बोलावून कान कापले, सोंडेचं एक बोट शिवून टाकलं. पाठीचं काय करावं हे कोणाला सुचेना, तेव्हा शेवंताबाईनं घरून कोंबड्या झाकायचं डालगं आणलं आणि नवऱ्याच्या पाठीवर उपडं बांधलं. पाठ झकास फुगली. हत्ती भारतीय झाला. डालग्याचा वास मात्र कोंबड्यांचाच राहिला आणि तो प्रेमलालनं विनातक्रार सोसला.

मग बालाघाटला लाकडाच्या डेपोच्या आवारात तालीम सुरू झाली. गजेंद्रचं तालमीत लक्ष नव्हतं, तो सोंडेनं सलाम कसा ठोकायचा याच विचारात असे. प्रेमलाल मात्र श्रद्धाचा शब्द न् शब्द ऐके. आत अंधारात त्याला ऐकण्याशिवाय दुसरा उद्योगही नव्हता. हत्ती उडी मारत नाही. कितीही घाईत असला तरी एक ना एक पाय जमिनीवर असतोच. त्याच्या तळव्यात गादी असते, म्हणून एवढं धूड शेजारून गेलं तरी पाचोळा वाजत नाही. हे सगळं त्यानं मनात साठवलं. पण एक दिवस श्रद्धा जे म्हणाली त्यानं तो हललाच. ती म्हणाली, "काका, हत्तीचे मागचे पाय बघा. त्यांचा गुडघा माणसासारखाच पुढं वाकतो. घोड्याचं, गाईचं तसं दिसत नाही."

प्रेमलालनं शेपटीखालून डोकं बाहेर काढलं. "आन पुढचे पाय, मॅडम?"

"पुढचे मनगटातून वाकतात. तो गुडघा नाहीच."

हे त्यानं गजेंद्रला सांगितलं नाही, उगाच कशाला मन दुखवावं. संध्याकाळी शेवंताबाईला सांगितलं आणि तिनं फक्त हूं केलं म्हणून गोठ्यात जाऊन म्हशीला सांगितलं.

त्यानंतर प्रेमलालच्या घरात हत्ती शिरला तो शिरलाच. तो पावलं न वाजवता चालायचा सराव करू लागला. शेवंताबाई ताक घुसळत असताना मागं येऊन उभा राही, ती वळून बघताच दचके आणि अर्धं ताक जमिनीला जाई. हत्ती उन्हापासून आणि माश्यांपासून बचाव म्हणून पाठीवर धूळ उडवून घेतात हे ऐकल्यावर त्यानं बांधावर बसून दोन्ही हातांनी पाठीवर माती टाकून पाहिली. गार वाटलं की नाही कळायच्या आत शेवंताबाईनं त्याला विहिरीवर नेऊन बादल्या ओतल्या. पुढं श्रद्धानं सांगितलं की हत्तीला लांबची हालचाल जमिनीतून, तळव्यांना समजते. हा गडी चप्पल काढून, डोळे मिटून धानाच्या बांधीत उभा राहिला. काही वेळानं त्यानं जाहीर केलं की दक्षिणेकडून काहीतरी जड येऊन राह्यलं. जड ते आलं उत्तरेकडून. शेजाऱ्याची म्हैस होती आणि ती त्याच्या मागून शिरून कोपऱ्यातलं धान खाऊनही गेली होती.

पहिला प्रयोग मलाजखंडच्या वसाहतीत, एका मैदानावर झाला. तो पूर्ण फसला असं म्हणता येणार नाही, लोक फार खुश झाले. झालं असं की पलीकडच्या मंडपात कोणाच्या तरी लग्नाचं डीजे चालू होतं. ठेका कानावर पडताच गजेंद्रच्या अंगात इतक्या वर्षांची मिरवणूक संचारली आणि हत्ती नाचू लागला. पुढचा नाचला म्हणून मागच्यालाही नाचावं लागलं. श्रद्धा माइकवर सांगत राहिली की रानहत्ती असं करत नाही, तो दिवसातला बहुतेक वेळ खाण्यात घालवतो, त्याच्या शेणातून बिया रानभर पसरतात. कोणी ऐकलं नाही. हत्तीनं कंबर हलवली की लोक शिट्ट्या मारत होते. घरी परतताना ती पूर्णवेळ हिंदीत बोलत होती.

दुसरा प्रयोग बिरसाच्या आठवडी बाजारात ठरला. तिथल्या गावांच्या आसपास कळप खरोखरच फिरत होता, त्यामुळं हा प्रयोग नीट व्हायला हवा होता. बिरसाचा बाजार शेवंताबाईनं कधी पाहिला नव्हता, म्हणून तीही गाडीत बसून आली. भात आणि पातोड्यांच्या रश्शाचा डबा तिच्या मांडीवर होता.

बाजार भरत आला आणि श्रद्धानं एक बदल सांगितला. आलेल्या कळपाची मुख्य एक वयस्क हत्तीण होती. कळप असतोच मुळी बायांचा, तिनं समजावलं. आई, मावश्या, लेकी आणि लेकरं. पाणी कुठं, धोका कुठं, कधी निघायचं, कधी थांबायचं हे सगळं म्हातारी ठरवते. नर वयात आला की कळपाबाहेर पडतो आणि पुढं एकटा नाहीतर दोघा-तिघांत हिंडतो. तेव्हा आजपासून आपला हत्ती ही हत्तीण आहे, आणि आपल्याकडच्या हत्तिणीला मोठे सुळे नसतात, एवढे काढून टाका.

सुळे गजेंद्रनं स्वतः नळाच्या पाइपाला आच देऊन वाकवले होते आणि पांढरे रंगवले होते.

"मॅडम," तो म्हणाला, "माझं नाव गजेंद्र आहे. गजेंद्राबाई नाई."

श्रद्धानं समजूत घातली. प्रेमलालनं, हत्तीण झालं तरी सोंड तुझ्याकडंच राहते, असं सांगून पाहिलं. पण गजेंद्रनं सुळे उपसले, काखेत मारले आणि चालत जाऊन बसमध्ये बसला. नंतर कळलं की कंडक्टरनं त्याच्याकडं सामानाचं वेगळं तिकीट मागितलं आणि हे सामान नसून दात आहेत यावर त्यांचा बराच वाद झाला.

इकडं बाजारात माणसं जमली होती. किराणा व्यापारी दुलीचंदशेठ, ज्यांनी मंडपाचं कापड दिलं होतं, ते सगळ्यात पुढच्या खुर्चीवर जिलेबीची प्लेट घेऊन बसले होते. श्रद्धाच्या हातात माइक, तिला शिरता येईना. प्रेमलालला म्हणाली, काका, तुम्ही पुढं या, मागं कोणाला तरी घालू. प्रेमलाल पुढच्या भागात शिरला. पण शिरताच सवयीनं वाकला, सोंड मातीत लोळली, आणि दोन्ही हात पुढं करून तो धरायला कंबर शोधू लागला. हत्ती हवेत चाचपडतोय असं ते ध्यान दिसत होतं.

शेवंताबाईनं डबा गाडीत ठेवला आणि पदर खोचला.

"हटा. मी शिरतो पुढं."

"मंजूची आई, लोक काय म्हनतीन?" प्रेमलाल आतूनच म्हणाला. मंजू ही त्यांची लेक, तुमसरला दिलेली. जावयाच्या कानावर गेलं तर काय, हाही विचार त्याच्या मनात आला.

"लोकाइले तुमी आतापावतर दिसले काय? मंग मी कशी दिसन?"

तिनं लुगड्यावरून राखाडी विजार चढवली. पण खरी पंचाईत आत झाली. लग्नाला इतकी वर्षं झाली तरी चारचौघांत प्रेमलालनं तिचा हात धरला नव्हता, आणि आता भर बिरसाच्या बाजारात कंबर धरायची. तो बोटाच्या टोकांनी लुगड्याचा काठ धरून उभा राहिला. तिनं मागं हात घालून त्याचे दोन्ही पंजे जागेवर बसवले आणि चालायला लागली.

आणि काय चालली! गजेंद्र चालायचा तो टाळ्या घेत. शेवंताबाई चालली ती रोज संध्याकाळी शेतावरून घरी येते तशी, सावकाश, कोणाची पर्वा न करता. मध्येच थांबली. सोंड उचलून वारा हुंगला. कानांच्या दोऱ्या हळू हलवल्या. कुठंही घाई नाही. मागं प्रेमलाल आपल्या मऊ पावलांनी येत होता, आणि पहिल्यांदाच त्याला पुढच्याच्या अंगाशी झटापट करावी लागत नव्हती. भाजीवाल्या उभ्या राहिल्या. श्रद्धा सांगू लागली की हत्तीची नजर बेताची पण नाक फार तेज, घरात मोहाची फुलं आणि मीठ साठवलेलं त्याला लांबून समजतं, तेव्हा कळप जवळ असेल तोवर ते घराबाहेर सुरक्षित ठेवा. शेवंताबाईनं मोहाच्या टोपलीवर सोंड फिरवली.

तेवढ्यात मागच्या गर्दीतून कोणीतरी गोटा मारला. तो नेमका डालग्यावर बसला आणि ढप असा आवाज झाला. दुसरा आला तो शेवंताबाईच्या डोक्यावरच्या कामटीला लागला.

कान एकदम पसरले. सोंड वर गेली. आतून असा काही आवाज निघाला की शेजारच्या दुकानातल्या कोंबड्या टोपलीत उडाल्या, आणि हत्तीचा पुढचा भाग धावला. मागच्या भागाला याची कल्पना नव्हती. तो जागच्या जागी विचार करत राहिला, त्यामुळं हत्ती आधी लांब झाला, मग मध्येच कापड ताणलं जाऊन प्रेमलालला जोराचा हिसका बसला आणि तोही धावत सुटला. हत्तीण थेट दुलीचंदशेठच्या खुर्चीवर आली आणि अगदी पुढ्यात येऊन थबकली. थांबायचं हेही प्रेमलालला कोणी कळवलं नव्हतं. तो बायकोवर आदळला, डालगं पाठीवरून सरकून त्याच्या डोक्यात बसलं, आणि हत्तिणीची पाठ मानेत आली.

हत्तिणीच्या तोंडातून प्रश्न आला, "गोटा कोनं मारला?"

कोणी बोलेना. हत्तिणीला वाटलं की इथं मराठी समजत नसेल. "किसने मारा, सेठजी?"

दुलीचंदशेठ खुर्चीतून घसरून गुडघ्यावर आले होते. त्यांनी जिलेबीची प्लेट पुढं सरकवली आणि हात जोडले. "माताजी, मैंने नहीं मारा."

श्रद्धा भानावर आली. तिनं माइक धरला आणि म्हणाली की आत्ता तुम्ही जे पाहिलं तो खोटा हल्ला. कान पसरून, आवाज करून, धावत येऊन हत्ती थांबतो. तो सांगतोय की मागं सरका. कान मागं घेऊन, सोंड आत गुंडाळून गुपचूप आला तर तो खरा. पण कोणता आहे हे बघायला थांबू नका, आधीच वाट सोडून लांब राहा, आणि गोटे तर मारूच नका. हे सगळं तिनं एका दमात सांगितलं. असं मन लावून ऐकणारी माणसं तिला तोवर मिळाली नव्हती. दुलीचंदशेठ तर मान डोलावत होते.

त्या दिवसापासून गावोगावची बोलावणी येऊ लागली. सगळ्यांना तीच बोलणारी हथनी हवी होती. श्रद्धाची त्यावरून पंचाईत झाली, कारण हत्ती काही हिंदी बोलत नाही. ती शेवंताबाईला म्हणाली, काकू, हत्ती एकमेकांशी फार खालच्या सुरात घुमतात, आपल्याला ते कित्येकदा ऐकूही येत नाही, तेवढंच करा. शेवंताबाई छातीतून घुमायला शिकली. बाहेर कोणाला काही कळे ना कळे, पण मागं प्रेमलालच्या तळहातांना ते बरोबर जाणवे. थांबायचं घुमणं वेगळं, धावायचं वेगळं. त्यानंतर तो तिच्यावर कधी आदळला नाही.

गजेंद्र काही दिवस रुसून दुकानात बसला. मग त्यानं नवा हत्ती करवला, एकटा फिरणारा सुळेवाला नर, आणि मागच्या पायांसाठी प्रेमलालकडं आला. प्रेमलालनं त्याला चहा पाजला आणि सांगितलं की मी कळपात आहे. दुसरं कोणी वाकायला तयार होईना. शेवटी गजेंद्रनं मागचा भाग एका हातगाडीवर बसवला. सपाटीवर ते छान दिसे. उतारावर मात्र मागचा भाग त्याला ढकलत पुढं जाई, आणि एकदा लालबर्ऱ्याला हत्तीची शेपूट सोंडेच्या आधी मंडपात पोचली. श्रद्धानं तरीही त्याला ठेवून घेतलं. एकटा नर कसा वागेल याचा भरवसा नसतो, हे लोकांना त्याच्याकडं बघून पटे.

खरा हत्ती प्रेमलालनं अजून पाहिलेला नाही. पण पुढच्या वर्षी पावसाळा सरता सरता बिरसाकडं जाताना वनरक्षकानं गाडी थांबवली आणि रस्त्याकडेच्या ओल्या बांधीत पावलं दाखवली. रात्री कळप तिथून गेला होता. ताटाएवढे ठसे, एकामागं एक. प्रेमलाल खाली उकिडवा बसला. हे चार पायांचे ठसे कसे, दोनच पायांचे वाटतात, असं त्यानं विचारलं. श्रद्धा म्हणाली की चालताना मागचा पाय बहुतेक पुढच्याच्या ठशावरच पडतो, म्हणून वर दिसतो तो मागचा.

प्रेमलालनं बायकोला हाक मारली. "पाह्य. मातीत पाय राह्यला तो मागचाच."

शेवंताबाईनं वाकून पाहिलं. "हौ," ती म्हणाली, "पन गेला तो पुढचीच्या मागंच."

एका जुन्या ठशात पाणी साचलं होतं आणि त्यात बेडकांची काळी काळी पिल्लं वळवळत होती. श्रद्धानं सांगितलं की रानात अशा ठशांची तळी होतात, त्यात बेडूक अंडी घालतात, हत्ती निघून गेला तरी त्याच्या पावलात संसार चालू राहतो. ड्रायव्हर गाडी वळवायला मागं त्या ठशांकडंच घेत होता. शेवंताबाईनं रस्त्यात उभं राहून हात आडवे केले आणि त्याला तिकडून वळू दिलं नाही. दुसरीकडं वळायला जागा नव्हती, म्हणून गाडी थेट पुढच्या गावापर्यंत नेऊन, तिथून फिरवून आणावी लागली. ड्रायव्हर कुरकुरला. तोवर दोघं नवरा-बायको बांधावर बसून डबा खात होते, आणि प्रेमलाल तिला सांगत होता की शेजाऱ्याच्या म्हशीपायी यंदा कोपऱ्यातल्या बांधीला कुंपण केल्याशिवाय भागणार नाही.